कावळ्याला दिलेला शब्द

तळेगाव दाभाडे
१० ऑगस्ट

श्रीयश,

'प्रिय' लिहिलेलं नाही, हे तुझ्या लक्षात आलंच असेल. हे पत्र निव्वळ फिल्मच्या कामाचं आहे. लातूरच्या तुझ्या हॉस्टेलात मुलांचे फोन काढून घेतात म्हणे, म्हणून कागदावर लिहितेय, नाहीतर आजकाल पत्रं कोण लिहितं? पत्ता तुझ्या आईकडून घेतला. "फिल्मचं काम आहे, काकू," म्हटलं. त्या म्हणाल्या, "लिही हो, अगदी लिही." इतक्या मायेने म्हणाल्या की फोन ठेवल्यावर मला बाथरूममध्ये जाऊन नळ सोडून बसावं लागलं. पण ते असो.

तर काम. कॉलेजची लघुपट स्पर्धा नोव्हेंबरच्या शेवटी आहे आणि मी 'कै. आमचं प्रेम' करायचं ठरवलंय. हो, तीच. आपण दोघांनी लिहिलेली. तू गेलास म्हणून स्क्रिप्टही गेली असं होत नाही.

अभ्यासाच्या रगाड्यात विसरला असशील, म्हणून आठवण करून देते. आपली नायिका मिनू. तिचा बॉयफ्रेंड तिला सोडून जातो. ती म्हणते, आपलं प्रेम वारलंय ना, मग त्याचं सगळं रीतसर करायचं. ती चॅटच्या स्क्रीनशॉटला हार घालते. दहा दिवस सुतक पाळते, म्हणजे गोड बंद आणि इन्स्टाग्राम बंद. मैत्रिणी पिठलं-भाताचा डबा घेऊन भेटायला येतात. शेजारची एक मावशी हळूच विचारते, "वय काय होतं हो?" मिनू डोळे पुसत म्हणते, "सात महिने." मावशी कपाळाला हात लावते, "अगंबाई, फारच लहान गेलं!" हे वाक्य तुझं. ते सुचल्यावर तू हसत हसत त्या कोरड्या स्विमिंग पूलमध्ये उतरून आडवा झाला होतास.

काय दिवस होते रे. लोणावळ्याचा तुझ्या बाबांचा तो भाड्याने द्यायचा बंगला. शनिवार-रविवारी तिथे मुंबईचे पाहुणे आणि मधल्या वारी आपण दोघं, पूलच्या काठावर पाय सोडून. आणि वॉचमन विठ्ठलकाका सारखे उगाचच झाडांना पाणी घालायला येणार. झाडं कुजली असतील तेवढ्या पाण्याने. दोघं गळ्यापर्यंत प्रेमात आणि लिहितोय काय, तर प्रेमभंगावर विनोदी फिल्म! माज होता नुसता.

त्याच काठावर जूनमध्ये तू मला सांगितलंस. पूल भरायला टँकर आला होता. मोटरच्या आवाजात मला काही ऐकूच आलं नाही. मी "काय?" म्हणून ओरडले, आणि तुला ते परत म्हणावं लागलं, बेंबीच्या देठापासून: "आपण इथेच थांबूया! मला नीटचा अभ्यास करायचाय!" टँकरवाल्यानेसुद्धा ऐकलं. त्याने मोटर बंद केली बिचाऱ्याने. तेवढा एक सीन आपण लिहिला नव्हता.

आता प्रश्न. सीन चौदा, शेवटचा. दहाव्या दिवशी मिनू नदीवर जाऊन प्रेमाचा पिंड मांडते आणि कावळा शिवायची वाट बघते. आपलं भांडण आठवतंय? तुझं म्हणणं, कावळा येतो. माझं म्हणणं, येत नाही, ती बसूनच राहते आणि पडद्यावर नावं यायला लागतात. कागदावर तो सीन अजून अर्धाच आहे. काय करू ते कळव. एका ओळीत कळवलंस तरी चालेल. दोन ओळींत कळवलंस तरी काही बिघडणार नाही.

इरावती
(दिग्दर्शक. बाकी कोणी नाही.)


तळेगाव
३१ ऑगस्ट

श्रीयश यांस,

उत्तर नाही. ठीक आहे. पण तू सहलेखक आहेस, तेव्हा शूटिंगचा अहवाल पाठवणं माझं कर्तव्य आहे.

मिनू झालीय अपूर्वा. तिला रडायला सांगितलं की ती हसते आणि हसायला सांगितलं की विचारते, "का?" कॅमेऱ्यावर सत्यम आहे, आपल्या वर्गातला, वराळ्याचा, जो मागच्या बाकावर बसून डबा खायचा तो. कॅमेरा म्हणजे त्याचाच फोन. त्याला त्याने पाईप आणि जुन्या चपलेचा सोल लावून स्टँड केलाय. चांगला चालतो, फक्त त्या फोनवर दर दहा मिनिटांनी दूध डेअरीचा फोन येतो.

भेटायला येणारी मावशी माझी आई झाली. गणपतीच्या गडबडीत साडी न बदलताच तिने "फारच लहान गेलं" असं काही म्हटलं की अपूर्वा सोफ्यावरून खाली घसरली. शॉट झाल्यावर आईने विचारलं, "हे तुला सुचलं?" मी म्हटलं, "मला नाही, श्रीयशला." ती मोदक वळायला आत गेली. रात्री मात्र माझ्या पानात न मागता दोन मोदक जास्त वाढले, आणि बाबांनी "तिला का?" विचारलं तर त्यांच्यावरच डाफरली.

शेवटच्या सीनसाठी जागा मिळाली आहे. वराळ्याला इंद्रायणीच्या काठाला सत्यमची शेती आहे. थोडी सोसायट्यांत गेली, उरलेल्यात भात उभा आहे. त्याचे वडील हौशीराम तीन वर्षांपूर्वी गेले, आता आई बघते सगळं. नंदाबाई नाव. आम्ही जागा बघायला गेलो तर त्या हातात खुरपं घेऊन बांधावर उभ्या.

"कोन गेलं?" त्यांनी पहिलं हेच विचारलं.

"कोणी नाही आई, पिक्चर आहे," सत्यम म्हणाला.

"मंग पिंड कुनाचा?"

सत्यम माझ्याकडे बघायला लागला. मी म्हटलं, "प्रेमाचा, मावशी."

 त्या पदर तोंडाला लावून अशा हसल्या की खुरपं खाली पडलं. "लय झाक! प्रेमाचा दहावा! आवं, आमच्या टायमाला प्रेमाचं बारसंच न्हाई झालं, दहावा कुटला!" पण लगेच गंभीर झाल्या आणि मला जवळ बोलावून म्हणाल्या, "येक ध्यानात ठिव पोरी. कुना जित्या मानसाचं नाव घेऊन पिंड मांडायचा न्हाई. जे मेलंय त्येचाच मांडायचा."

मी म्हटलं, "हो." आणि उगाच बांधावरचं गवत उपटायला लागले. त्यांनी माझ्याकडे बघितलं आणि विचारलं, "कुटं असतो?" मी म्हटलं, "लातूरला." बस, एवढंच बोलणं झालं. पुढे त्यांनी आम्हाला चहा दिला.

हे तुला का सांगतेय मी? अहवाल आहे म्हणून.

इरावती


तळेगाव
१४ सप्टेंबर

श्री,

तुझं पत्र आलं! पत्र कसलं, वहीचं अर्धं पान. "पत्रावळ उजवीकडे ठेव, सकाळचा उजेड डावीकडून येईल. कावळा आलाच पाहिजे, नाहीतर ती सुटणार नाही. श्री."

एवढंच. मी ते किती वेळा वाचलं ते सांगणार नाही. कागदाचा वाससुद्धा घेतला, तुझ्या मेसच्या वरणाचा येतो. पण खाली 'श्री' का लिहिलंस? घरी तू यश, वर्गात श्रीयश. श्री फक्त मी म्हणायचे. हे सवयीने झालं की मुद्दाम, ते कळव. नको, नको कळवूस. आणि 'ती' म्हणजे मिनूच ना?

तर तुझा शब्द प्रमाण मानून कावळा आणायचं ठरलं, आणि इथेच आमचं डोकं चाललं. अपूर्वा म्हणाली, पितृपंधरवडा लागतोय, या दिवसांत जो तो गच्चीवर उभा राहून 'काव काव' करतो, म्हणजे कावळ्यांचा सीझनच! आम्ही सगळे "वा वा" म्हणालो आणि कालची तारीख धरली. इतकी हुशार माणसं एका ठिकाणी क्वचित जमतात.

सकाळी वराळ्याला पोचलो. नंदामावशींनी इंद्रायणी तांदळाचा भात शिजवून ठेवला होता. काय वास सुटला होता! त्यांनी पिंड वळून दिला, वर काळे तीळ घातले. पत्रावळ उजवीकडे ठेवली, उजेड खरंच डावीकडून आला. बाभळीवर कावळ्यांची रांग बसलेली. सत्यम म्हणाला, "रोलिंग." आणि एकाही कावळ्याने मान वळवून बघितलं नाही. एक तर चक्क झोपला होता.

नंदामावशी बांधावर बसून हसतायत. "आगं, या दिसांत कावळ्यास्नी आवतनं किती! सकाळधरनं घरोघरची खीर आन् वडं खाऊन बसल्यात. तुमचा नुस्ता भात कोन खातंय?"

हे आम्हाला कोणी आधी सांगायला काय झालं होतं? मावशी म्हणाल्या, "तुमी इचारलं कुटं?"

मग सत्यमने शेजारून वडे मागून आणले. मी शेव टाकली. अपूर्वाने हात जोडले. अखेर एक जाडा कावळा खाली उतरला. आम्ही श्वास रोखले. तो चालत चालत पिंडापाशी आला, पिंडाला वळसा घातला, सत्यमच्या पिशवीतला वडापाव कागदासकट उचलला आणि नदीपलीकडे गेला. सत्यम कॅमेरा सोडून त्याच्या मागे धावला. घरी येऊन त्याने एआयकडून एक कावळा बनवून घेतला, तर त्याला तीन पाय, आणि तो पिंडाऐवजी अपूर्वाकडे बघून हसत होता.

एक गोष्ट मात्र सांगायची आहे. कावळा येत नाही म्हणून मिनू त्याला एकेक वचन देते ना, तो भाग. खऱ्या दहाव्याला घरची माणसं म्हणतात, तुमच्या मुलीचं लग्न करू, घराकडे बघू. तशी आपली मिनू म्हणते, "तुझ्या नव्या फोटोला लाइक करीन. तुझ्या आईला काकूच म्हणेन. तुझी हुडी परत करीन." आपण लिहिलं तेव्हा किती हसलो होतो. काल अपूर्वा "तुझी हुडी परत करीन" म्हणाली आणि मी नदीकडे तोंड केलं. तुझी करडी हुडी माझ्याच कपाटात आहे. मी ती अजून धुतलेली नाही.

हे वाक्य कामाचं नाही, खोडते. जाऊ दे, नाही खोडत.

इरा


तळेगाव
८ ऑक्टोबर

प्रिय श्री,

लिहिलं एकदाचं 'प्रिय'. काय करायचं ते कर.

तुझं पुन्हा काही उत्तर नाही. चाचणी परीक्षा असेल. मी स्वतःला रोज एक नवीन कारण सांगते, आणि तू ते कारण देत नसतानाही ते मला पटतं.

इथे गोंधळ झालाय. अपूर्वाच्या आजीला कळलं की पोरगी नदीवर पिंड मांडून बसते. आजीने घर डोक्यावर घेतलं. "लग्न व्हायचंय अजून, आणि दहाव्याला बसते?" अपूर्वा मला म्हणाली, "बाकी काहीही करते, पण तो सीन नाही गं." म्हणून ठरलं की तो सीन पाठमोरा घ्यायचा आणि अपूर्वाचा पिवळा कुर्ता घालून मी बसायचं. तोंड दिसणार नाही, आवाज नंतर अपूर्वाचा घालू.

माझ्या आईला विचारलं. ती म्हणाली, "बस. पण घरी येताना हे सगळं तिथेच ठेवून ये." काय ठेवून यायचं ते तिने सांगितलं नाही.

परवा तारीख ठरवायला मी एकटीच वराळ्याला गेले. नंदामावशी ओसरीत जेवायला बसल्या होत्या. मलाही भाकरी वाढली. त्यांनी जे सांगितलं ते तुला सांगितल्याशिवाय मला राहवत नाही.

हौशीरामकाकांच्या दहाव्याला कावळा शिवत नव्हता. ऊन वर आलं, माणसं कंटाळली. "दीर म्हनले, दादा, जमिनीकडं बगतो. न्हाई आला. सत्यम नववीत तवा. त्यो रडत रडत म्हनला, आबा, मी शिकंन. तरी बी न्हाई. भटजी म्हनले, दर्भाचा कावळा करून उरकू या. मंग मी फुडं झाले आन् मनातल्या मनात म्हनले, मी येळेवर जेवंन."

मी विचारलं, "एवढंच?"

"येवढंच. ते शेतावनं हाळी द्यायचे, नंदे, जेवलीस का? मी कामात. खोटंच म्हनायची, व्हय व्हय. त्यांस्नी ते ठावं असायचं. त्यांचा जीव तितं आडकला व्हता, जमिनीत न्हाई. म्हनले आन् आला बग कावळा, सरळ." त्यांनी भाकरीचा तुकडा मोडला. "आता कदी कामाच्या नादात उशीर झाला, की येतो पत्र्यावर आन् वरडतो. मी म्हनते, आले बाबा, बसले जेवाया."

मी भाकरीचा तुकडा पानात परत ठेवला. मावशींनी पाण्याचा तांब्या पुढे सरकवला आणि म्हणाल्या, "तुमी ल्हिवलेलं सारं हसायचं हाय. हुडी न् फुडी. कावळ्याला खरं सांगावं लागतं, पोरी. जे द्येता येत न्हाई तेच द्यावं लागतं."

म्हणून मी विचार करतेय, श्री. आपलं जे गेलं, त्याचा जीव कशात अडकलाय? मला उत्तर माहीत आहे असं वाटतं, आणि ते उत्तर मला नकोय.

एक विनंती आहे. शनिवारी, अठरा तारखेला, सकाळी शूटिंग आहे. दिवाळीच्या सुट्टीला तुम्हाला त्याच सुमारास सोडतात ना? लोणावळ्याला घरी जाण्याआधी तळेगावला उतर आणि वराळ्याला ये. सीन तुझाही आहे. मला तुझी आठवण येते. रोज येते, कॉलेजात, जेवताना, बेसनाचा वास आला तरी येते, बेसनाचा आणि तुझा काय संबंध तेही मला माहीत नाही. तू आलास तर कावळा नाही आला तरी चालेल. मग माझाच शेवट खरा ठरेल, वाट बघणारी जिंकेल.

मी पाठमोरी असेन. तू मागून ये.

तुझी
इरा


तळेगाव
३० नोव्हेंबर

नंदामावशी,

नमस्कार. माझं पत्र बघून तुम्हाला नवल वाटेल. सत्यमकडे तोंडी निरोप दिला असता, पण तो सगळं गाळून सांगतो. कालच्या कार्यक्रमाचं त्याने घरी काय सांगितलं? "बरा झाला," एवढंच ना? भाताची झोडणी असल्यामुळे तुम्हाला येता आलं नाही, म्हणून मीच सविस्तर कळवते. पाकीट चिकटवलं आहे, त्याला उघडू देऊ नका.

आधी त्या शनिवारचं सांगते. तुम्ही बांधावर लांब उभ्या होतात. मी काय बोलले ते तुम्ही नंतर विचारलं नाहीत, फक्त म्हणालात, "नाव घेतलंस?" मी घाबरून "घेतलं" म्हटलं. तुम्ही म्हणालात, "पिंड मांडताना न्हाई ना? कावळ्याला सांगताना घेतलंस. चालतंय." तेव्हा माझा जीव भांड्यात पडला. पण सगळं सांगायला त्या वेळी तोंड उघडेना.

त्या सकाळी रस्त्यावर गाडी वाजली की मी मान वळवत होते. सत्यम चिडला, "शॉट पाठमोरा आहे, वळू नको!" दुधाची गाडी आली. सोसायटीची स्कूलबस आली. एकदा बुलेट आली आणि मी अर्धी उठलेच, तर तो गॅसवाला. लातूरहून कोणी येणार नव्हतं. हे मला पत्र टाकतानाच माहीत होतं, तरी मी केस धुऊन आले होते.

मग मी मिनूची वचनं म्हटली. लाइक करीन, काकू म्हणेन, हुडी परत करीन. कावळा बाभळीवर बसून पंख साफ करत राहिला. मी गप्प झाले. सत्यमला वाटलं मी पुढचं विसरले, पण त्या शहाण्याने कॅमेरा चालू ठेवला. मला तुमचं बोलणं आठवलं, जे देता येत नाही तेच द्यावं लागतं. माझ्याकडे तसं एकच होतं. तो लातूरला गेल्यापासून मला त्याला लिहिलेल्या पत्रांचाच आधार होता. आठवडाभर काय काय घडलं ते मी मनात साठवायची, आणि ते त्याला लिहायचं म्हणून माझे दिवस जायचे. मी डोळे मिटले आणि म्हटलं, "श्रीयश, आता मी तुला पत्र लिहिणार नाही."

पंखांचा आवाज आला. डोळे उघडले तर तो पिंडावर! दोन शितं उचलली, माझ्याकडे एकदा तिरकं बघितलं, मग तिळासकट मोठा घास घेऊन उडाला. पितृपंधरवडा संपला होता, त्याला भूक लागली असणार, हे मलाही कळतं. पण मावशी, मी तिथे हुंदके देऊन रडले ते तुम्ही बघितलंतच. तुम्ही माझ्या पाठीवर हात ठेवला तो फिल्ममध्ये आलाय. फक्त हात दिसतो, खुरप्याने घट्टे पडलेला. लोक विचारत होते, ती नटी कोण?

आता कालचं. त्या वाक्यात नाव होतं आणि तुम्ही तर म्हणाला होतात, जित्या माणसाचं नाव नको. अपूर्वाचा आवाज घालून बघितला, तो काही जमेना. मग सत्यमने नावावर तुमच्या कोंबड्याचं आरवणं टाकलं. म्हणजे ऐकू येतं, "कुकूच्कू, आता मी तुला पत्र लिहिणार नाही." तुम्ही हसाल, हॉलसुद्धा हसला.

पण त्याच्या आधीच एक गोष्ट झाली. माझी आई पडद्यावर आली. तिने विचारलं, "वय काय होतं हो?" आणि अपूर्वाने "सात महिने" म्हणायच्या आधीच शेवटच्या रांगेतून कोणीतरी हसलं. पुढचं वाक्य अजून आलंच नव्हतं, मावशी. ते येणार हे माहीत असलेला, पुढे बसलेले आम्ही सोडून, त्या हॉलमध्ये एकच माणूस असू शकत होता.

मी वळले नाही. हात मांडीखाली दाबून बसले. पुढची सगळी फिल्म मी पडदा बघितलाच नाही, मागचं हसू ऐकत होते. जिथे आम्ही लिहिताना हसलो होतो, बरोबर तिथे तिथे तो हसत होता. मग कोंबडा आरवला. सगळा हॉल लोटपोट झाला, आणि मागून काहीच आवाज आला नाही.

आम्हाला दुसरा नंबर मिळाला. पहिला नंबर ओल्या-सुक्या कचऱ्यावरच्या फिल्मला. जाऊ दे.

दारात तो उभा होता. बारीक झालाय, केस कापलेत. लोणावळ्याला चुलत बहिणीचं लग्न होतं म्हणून आला होता, परवा परत जाणार. म्हणाला, "कावळा आला."

मी म्हटलं, "आला."

"पत्रावळ उजवीकडे ठेवलीस."

"हो."

 मग तो खाली बघत म्हणाला, "हॉस्टेलात पत्र आलं की जेवताना सगळ्यांसमोर नाव पुकारतात. हल्ली माझं नाव पुकारत नाहीत." आणि तेवढ्यात त्याच्या बाबांनी गाडीचा हॉर्न वाजवला, तो "येतो" म्हणाला आणि गेला. तो येईल याची खात्री नव्हती, तरी मी त्याची हुडी पिशवीत घालून आणली होती, धुऊन, इस्त्री करून. ती हातातच राहिली.

आता तुम्हीच सांगा, मी काय करू? तो 'लिही' म्हणाला नाही. 'लिहू नको'ही म्हणाला नाही. कावळ्याला दिलेला शब्द मोडला तर काय होतं, मावशी? मी फक्त माहितीसाठी विचारतेय.

सकाळी मी एक कागद पुढे ओढला होता. वर तारीख घातली, त्याखाली दोन शब्द लिहिले, आणि समोरच्या गच्चीवर कावळा ओरडला. आईची शप्पथ. रविवारची सकाळ, कुठे कोणी काही खायला टाकलेलं नाही, आणि हा पाण्याच्या टाकीवर बसून सरळ माझ्या खिडकीत बघत ओरडतोय. तुम्ही "आले बाबा, बसले जेवाया" म्हणता, तसंच माझ्या तोंडून निघालं, "नाही लिहीत बाबा, नाही लिहीत." मग गेला.

त्या कागदाचं काय करायचं, म्हणून तुम्हाला लिहायला बसले. हा तोच कागद आहे. मागच्या बाजूला वर 'प्रिय श्री' असं लिहून खोडलेलं दिसेल. नीट खोडलं गेलेलं नाही. तेवढं कावळ्याला सांगू नका.

तुमची
इरावती